दुर्मीळ फिनिश मुलीच्या नावाचा अर्थ आणि मूळ कसं शोधायचं

फिनिश मुलीच्या नावाचा अर्थ विचारणाऱ्या बहुतेकांना एका शब्दात उत्तर हवं असतं. आइनो म्हणजे 'एकुलती एक', मार्यात्ता म्हणजे 'बेरी', वेल्लामो म्हणजे 'जलदेवी'. बाळांच्या नावांच्या याद्या असंच उत्तर देतात आणि आपण तेवढ्यावर समाधान मानतो. माझं सांगणं एवढंच आहे की नाव कुठल्या वाटेने आलं ते आधी ठरवा, अर्थ त्याच्या मागोमाग येतो. वाट चुकली की अर्थही चुकतो. नाव दुर्मीळ असेल तर हे हमखास घडतं, कारण चूक दाखवून देणारं आसपास कुणी नसतं.

मी योएन्सूला, म्हणजे फिनलंडच्या पूर्वेला उत्तर करेलियात, एका वृद्धाश्रमात काम करते. इथल्या दारांवरच्या पाट्यांवर आणि धुवायच्या कपड्यांना शिवलेल्या पट्ट्यांवर जी नावं असतात ती तरुण फिनिश मैत्रिणींमध्ये क्वचितच सापडतात: इम्पी, सुओमा, त्यूने, राउहा, विएनो, लेम्पी. या आज्यांची वेणीफणी करताना, त्यांना कॉफी देताना मला नावांचा नाद लागला. आता फिनलंडमधल्या मराठी घरांत बाळ येणार असलं, किंवा कुणाची सून फिनिश असली आणि तिच्या आजीचं नाव कोड्यासारखं वाटत असलं, की मला फोन येतो. फोनवर जे सांगते तेच इथे सविस्तर लिहिते आहे.

आधी नाव नीट उतरवून घ्या

हे फालतू वाटेल, पण निम्मे घोटाळे इथेच होतात. फिनिशमध्ये स्वर ऱ्हस्व आहे की दीर्घ, व्यंजन एक आहे की जोड, यावर शब्दच बदलतो. 'तुलि' म्हणजे आग, 'तूलि' म्हणजे वारा आणि 'तुल्लि' म्हणजे जकात. मुलीचं नाव असतं ते तूलि. रोमन लिपीत ते दोन 'यू' काढून लिहितात. ऐकून लिहिणारा एकच 'यू' लिहितो आणि मग शब्दकोशात वाऱ्याच्या जागी आग सापडते. आपल्या कानाला ऱ्हस्व-दीर्घाची सवय आहे, म्हणून नाव आधी देवनागरीत लिहून घ्या, मग रोमनमध्ये. मी अजूनही असंच करते.

दुसरी गोष्ट अक्षरांवरच्या दोन टिंबांची. 'सॅदे' म्हणजे प्रकाशाचा किरण, 'सादे' म्हणजे पाऊस. लिहिताना फरक फक्त 'ए'च्या डोक्यावरच्या टिंबांचा. ईमेलच्या पत्त्यात ही टिंबं गळतात, परदेशी कागदपत्रांतही बरेचदा गळतात. त्यामुळे नाव तुम्हाला ईमेलवरून मिळालं असेल तर टिंबं आहेत की नाहीत हे विचारूनच पुढे जा. शिवाय टिंबवाली अक्षरं फिनिश वर्णमालेत अगदी शेवटी येतात, साध्या 'ए'च्या शेजारी नाही. छापील शब्दकोशात 'सॅदे' शोधताना एस अक्षराच्या शेवटापर्यंत जावं लागतं.

तिसरी गोष्ट विभक्तीची. फिनिश वाक्यात नावाला प्रत्यय लागतात आणि मराठीत सामान्यरूप होतं तसं नावाचं रूप बदलतं. 'तूलिकिन' असं कुठे वाचलंत तर मूळ नाव तूलिक्की. 'मार्यातान' दिसलं तर मूळ मार्यात्ता. जोडव्यंजन एकेरी होतं आणि शेवटी 'न' येतो. ते उलगडून मूळ रूप धरल्याशिवाय कुठेही शोध घेऊ नका.

जुन्या थडग्यांवर आणि जुन्या छापील पुस्तकांत आजच्या 'व्ही'च्या जागी 'डब्ल्यू' असतो, त्यामुळे वेल्लामो शोधायची असेल तर दोन्ही अक्षरांनी शोधा. थडग्यावर आडनावानंतर 'ओ' आणि 'एस' ही दोन छोटी अक्षरं दिसली तर पुढे येतं ते माहेरचं आडनाव. ते टिपून ठेवा, चर्चच्या वह्यांत शिरताना उपयोगी पडतं.

आणि नाव बाईचंच आहे ना, याची खात्री करा. फिनिशमध्ये व्याकरणात लिंग नाही. 'तो' आणि 'ती' दोघांनाही एकच सर्वनाम. नावाच्या शेवटावरूनही फसायला होतं. आइनो, विएनो, किएलो, तेल्लेर्वो, वेल्लामो या बायका, तर पेक्का, युक्का, मिका हे पुरुष. काइनो, म्हणजे लाजरं, हे नाव दोघांनाही ठेवलेलं आहे.

मग बघा हे नाव कधीचं आहे

फिनलंडची लोकसंख्या नोंदणी सांभाळणारं सरकारी खातं नावांची एक मोफत शोधसेवा चालवतं. तिचं नाव निमिपाल्वेलु. तिथे नाव टाकलं की ते किती बायकांना आणि किती पुरुषांना ठेवलं गेलं हे जन्मकाळानुसार दिसतं. आकडा फारच लहान असेल तर नेमकी संख्या न दाखवता 'पाचपेक्षा कमी' एवढंच सांगतात, म्हणजे माणसं ओळखू येऊ नयेत. दुर्मीळ नावांच्या मागे लागलेल्यांना हा शेरा वारंवार भेटतो.

लोक इथे एकूण आकडा बघतात आणि खिडकी बंद करतात. एकूण आकड्याला फारसं महत्त्व नाही, तो कुठल्या काळात साठला आहे ते बघा. बहुतेक जन्म 1900 ते 1939 या रकान्यांत असतील तर ते बहुधा फिनिश भाषेच्या जागृतीच्या लाटेतलं नाव आहे. 1899 च्या आधीही भरपूर असतील तर चर्चचं, संताचं नाव असण्याची शक्यता मोठी. सगळा आकडा 1990 नंतरचाच असेल तर आईवडिलांनी नव्याने घडवलेलं किंवा बाहेरून आणलेलं. हा पुरावा नव्हे, पण कुठल्या दारावर थाप मारायची ते यावरून कळतं.

त्याच खात्याच्या खुल्या याद्यांमध्ये पहिलं नाव आणि बाकीची नावं वेगवेगळी मोजलेली असतात. फिनलंडमध्ये एका माणसाला दोन-तीन नावं असतात आणि आजी-पणजीचं नाव बरेचदा दुसऱ्या किंवा तिसऱ्या जागी बसवलेलं असतं. वेल्लामो हे असंच. हाक मारायच्या नावापेक्षा मागच्या जागी जास्त सापडतं. नाव फक्त मागच्या जागीच दिसत असेल तर ते घरात वारशाने चालत आलं असण्याची शक्यता धरा आणि घरच्यांना तसं विचारा.

पहिली वाट: रोजच्या भाषेतला शब्द

सगळ्यात सोपी वाट हीच. कोतुस या भाषासंस्थेचा शब्दकोश इंटरनेटवर मोफत आहे. नाव लहान अक्षरात टाकायचं. लेम्पी म्हणजे प्रेम, राउहा म्हणजे शांतता, विएनो म्हणजे सौम्य, हिल्या म्हणजे निवांत, इम्पी म्हणजे कुमारिका, लाह्या म्हणजे भेट, किएलो हे एका पांढऱ्या सुगंधी रानफुलाचं नाव, जे फिनलंडचं राष्ट्रीय फूल आहे.

पण शब्दकोश आजचा अर्थ सांगतो, नाव मात्र शंभर वर्षांपूर्वी ठेवलेलं असतं. 'लेम्पी' आज एकटा शब्द म्हणून बोलण्यात फारसा येत नाही. तो येतो 'लेम्पीरुओका'मध्ये, म्हणजे आवडता पदार्थ, आणि 'लेम्पीवॅरी'मध्ये, म्हणजे आवडता रंग. आमच्याकडची लेम्पी जन्मली तेव्हा तो शब्द कवितेतल्या प्रेमाचा होता. म्हणून शब्द सापडल्यावर तो त्या काळी कसा वापरत होते हेही बघा. राष्ट्रीय ग्रंथालयाने जुनी फिनिश वर्तमानपत्रं डिजिटल करून खुली ठेवली आहेत. त्यांत शोध घेतला की वापर दिसतो. अक्षरं जुन्या गॉथिक वळणाची असल्यामुळे संगणकाचं वाचन चुकतं, तेव्हा मूळ पानाचं चित्र उघडून डोळ्यांनी खात्री करा.

ही नावं एकदम एवढी का आली? फिनलंड 1809 पर्यंत स्वीडनच्या राज्यात होता, नंतर 1917 पर्यंत रशियन सम्राटाच्या छत्राखाली. शिकलेल्यांची, कचेऱ्यांची भाषा स्वीडिश होती. एकोणिसाव्या शतकात फिनिश भाषेला मान मिळवून देण्याची चळवळ उभी राहिली. 1863 च्या फर्मानाने कचेऱ्यांत फिनिशला स्वीडिशच्या बरोबरीने आणायचं ठरलं. योहान विल्हेल्म स्नेलमान या विचारवंताच्या जन्मशताब्दीला, 12 मे 1906 रोजी, हजारो घरांनी स्वीडिश आडनाव टाकून फिनिश आडनाव घेतलं. त्याच वाऱ्यात मुलींची नावंही बदलली. मारिया, क्रिस्तीना यांच्या जागी आईच्या बोलीतला शब्द नाव म्हणून उभा राहिला. एखाद्या राउहा किंवा हिल्या आजीच्या मागे हे सगळं आहे. 'शांतता' एवढंच भाषांतर लिहून थांबलात तर ते हातातून निसटतं.

काही नावं शब्दकोशात सरळ मिळत नाहीत, कारण ती क्रियापदाचं रूप असतात. सुओमा त्यातलं एक. मूळ क्रियापद 'सुओदा', म्हणजे कृपेने देणं, लाभू देणं. 'युमालान सुओमा' म्हणजे देवाने दिलेली. आमच्याकडच्या एका सुओमाला मी नावाबद्दल विचारलं तेव्हा ती हातातलं विणकाम न थांबवता म्हणाली, "माझ्याआधीची दोन राहिली नव्हती." पुढे काही बोलली नाही, आणि सांगायचं काही उरलंही नव्हतं. त्यातच या नावात 'सुओमी', म्हणजे फिनलंडच्या स्वतःच्या नावाची चाहूलही कानाला लागते, आणि त्या दशकांत ती लोकांना नक्कीच ऐकू येत असणार. तेव्हा शब्द जसाच्या तसा मिळाला नाही तर शेवटचे 'मा', 'वा' काढून क्रियापद शोधून बघा.

दुसरी वाट: कालेवाला

ही माझी सगळ्यात आवडती वाट, म्हणून इथे जरा रेंगाळते.

एलियास ल्योन्रोट नावाच्या डॉक्टरने करेलियाच्या गावोगावी फिरून लोकगीतं गोळा केली आणि ती गुंफून 'कालेवाला' हे महाकाव्य रचलं. पहिली आवृत्ती 1835 ची. मोठी आवृत्ती 1849 ची, तिच्यात 50 सर्ग आणि 22,795 ओळी आहेत. आज फिनलंडमध्ये जी नावं 'प्राचीन' म्हणून सांगतात त्यांतली कितीतरी या पुस्तकातून लोकांच्या घरात शिरली. म्हणून कालेवालातल्या नावाला नेहमी दोन प्रश्न विचारायचे: लोकगीतात ते कसं होतं, आणि ल्योन्रोटने त्याचं काय केलं?

आइनो घ्या. लोकगीतात आइनो नावाची मुलगी नव्हतीच. तिथे 'आन्नी त्युत्त्यो, आइनो नेइती' अशी ओळ येते, म्हणजे मुलगी आन्नी, एकुलती एक कन्या. 'आइनो' हे विशेषण होतं. ल्योन्रोटने त्या विशेषणाचं विशेषनाम केलं. गोष्टही बदलली. लोकगीतातली मुलगी गळफास घेते, कालेवालातली आइनो महाकाव्याचा नायक असलेल्या म्हाताऱ्या गायकाशी, व्हॅइनॅम्योइनेनशी, लग्न नको म्हणून पाण्यात नाहीशी होते. नंतर भाषेच्या चळवळीतल्या घरांनी हे नाव उचललं. संगीतकार सिबेलियसची पत्नी आइनो 1871 साली अशाच घरात जन्मली. तिच्या नावावरूनच यार्वेन्पॅमधल्या त्यांच्या घराचं नाव आइनोला. आक्सेली गाल्लेन-काल्लेलाने 1891 मध्ये रंगवलेलं आइनोचं तीन भागांचं चित्र हेलसिंकीच्या आतेनेउम संग्रहालयात आहे. आज आइनो दुर्मीळ नाही, पण कालेवालातलं कुठलंही दुर्मीळ नाव तपासताना हाच क्रम वापरा: आधी गीत, मग ल्योन्रोट, मग ते नाव उचलणारी घरं.

आता खरोखर दुर्मीळ असलेलं वेल्लामो. याद्या म्हणतात 'पाण्याची देवी'. हा तिचा हुद्दा झाला, नावाचा अर्थ नव्हे. नावाची सांगड 'वेल्लोआ' या क्रियापदाशी घालतात, म्हणजे पाणी हिंदकळणं, डुचमळणं. कालेवालात ती आहतो या जलराजाची बायको. पाचव्या सर्गात व्हॅइनॅम्योइनेनच्या गळाला एक विचित्र मासा लागतो. तो कापायला जावं तर हातातून सुळकन पाण्यात उडी मारतो आणि लाटेतून डोकं वर काढून सांगतो की मी मासा नव्हे, तुला हवी होती ती आइनो. तिथे ती स्वतःला 'वेल्लामोची मुलगी' म्हणवते. म्हणजे बुडालेल्या मुलीला जिने आपलं म्हटलं ती वेल्लामो. एक्केचाळिसाव्या सर्गात व्हॅइनॅम्योइनेन कांतेले हे तंतुवाद्य वाजवतो तेव्हा पाण्यातल्या बहिणी केस विंचरता विंचरता थबकतात, त्यांच्या हातातून फणी लाटेत गळून पडते, आणि पाण्याची मालकीण स्वतः वर येऊन खडकावर रेलते आणि कान देते. मुलीचं नाव वेल्लामो ठेवणार असाल तर हा सर्ग वाचाच. कोत्का बंदरात 2008 साली उघडलेल्या सागरी संग्रहालयाचंही नाव वेल्लामो आहे आणि त्या इमारतीचा आकार लाटेसारखा आहे, यावरून हे नाव फिनिश माणसाच्या मनात काय उभं करतं ते कळेल.

कालेवालाच्या मागची मूळ गीतं बघायची असतील तर 'प्राचीन फिनिश गीतं' हा तीसहून जास्त खंडांचा संग्रह आहे आणि तो पूर्ण डिजिटल, मोफत आहे. गीत कुठल्या गावात, कुणी, कुठल्या साली उतरवून घेतलं हेही दिलेलं असतं. बोलीचं लेखन जसंच्या तसं आहे, त्यामुळे एकाच नावाची चार रूपं टाकून बघावी लागतात. वेळ जातो, पण यासारखा पुरावा दुसरा नाही.

या वाटेवरची नावं ओळखायला शेवटचे प्रत्यय कामाला येतात. 'तार' किंवा 'तॅर' आलं की स्त्रीरूपातली शक्ती. हा प्रत्यय 'त्युतॅर', म्हणजे मुलगी, या शब्दाशी जोडलेला आहे. इल्मातार ही हवेची, कूतार चंद्राची, पॅइवॅतार सूर्याची, सुवेतार उन्हाळ्याची. 'क्की' आला की लाडिक स्त्रीरूप: तूलि म्हणजे वारा, त्यापासून तूलिक्की ही वनदेव तापिओची मुलगी, आणि मिएलिक्की ही रानाची मालकीण. प्रत्यय सोडवून उरलेला शब्द शब्दकोशात बघितला की निम्मं काम होतं.

पण मार्यात्तापाशी सावध राहा. 'मार्या' म्हणजे बेरी, आणि पन्नासाव्या सर्गात मार्यात्ता रानातली एक लाल बेरी खाऊन गरोदर राहते. गोष्ट इतकी चपखल बसते की नावाचा अर्थ 'बेरी' हे कुणालाही पटावं. ते गीत मात्र कुमारी मारियाच्या लोकगीतावर बेतलेलं आहे आणि नावाची मुळं मारियाकडे जातात. बेरी नंतर, ध्वनिसाम्यामुळे चिकटली. मी अशा वेळी दोन्ही अर्थ लिहून देते, एकाखाली 'मूळ' आणि दुसऱ्याखाली 'लोकांनी जोडलेला' असं. दुसरा अर्थ खोटा नाही. कितीतरी आयांनी तोच मनात धरून नाव ठेवलं असेल.

तिसरी वाट: झिजलेले संत

भागीरथीची भागू होते, तशी इथे बिर्गित्ताची पिरित्ता झाली. जुन्या फिनिश उच्चारात 'ब', 'ग', 'फ' नव्हते आणि शब्दाच्या सुरुवातीची जोडाक्षरंही जिभेला झेपत नव्हती. त्यामुळे लॅटिन आणि स्वीडिश नावं ओळखू येणार नाहीत इतकी बदलली. एकट्या बिर्गित्तापासून रीत्ता, पिर्क्को, पिर्यो, पिरित्ता ही सगळी आली. ही संत बिर्गित्ता चौदाव्या शतकातली स्वीडनची. तिच्या पंथाचा मठ पंधराव्या शतकात नान्ताली इथे उभा राहिला, त्यामुळे नाव इथल्या मातीत मुरलं. आणि बिर्गित्ता हे स्वतः आयर्लंडच्या ब्रिजिडचं रूप. म्हणजे पिरित्ता हे इतकं फिनिश वाटणारं नाव मुळात आयरिश आहे. वाल्पुरीचंही तसंच. मूळ आठव्या शतकातली संत वाल्पुर्गा. तिचंच लाडकं रूप वाप्पु, आणि 1 मे हा इथला मोठा सण त्याच नावाने ओळखला जातो.

या वाटेचा पुरावा चर्चच्या वह्यांत. 1686 च्या चर्च कायद्यापासून पाद्र्यांना नोंदी ठेवणं बंधनकारक होतं. वंशशास्त्र संस्थेचा हिस्की नावाचा संग्रह जन्म, लग्न, मृत्यू यांच्या जुन्या नोंदी मोफत शोधू देतो. फक्त एक लक्षात ठेवा, वह्या स्वीडिशमध्ये लिहिल्या जात. घरात जिला पिर्क्को म्हणत तिची नोंद 'ब्रिता', लीसाची 'एलिसाबेत', कायसाची 'कातारीना', केर्त्तूची 'गेर्त्रूद'. घरातलं नाव वहीत शोधत बसलात तर ती बाई कधी जन्मलीच नाही असं वाटेल. आधी स्वीडिश रूप काढा, मग वही उघडा. अलीकडच्या शंभर वर्षांतल्या नोंदी खुल्या नसतात, त्यासाठी घरच्यांनाच अर्ज करावा लागतो.

चौथी वाट: करेलियाची

मी राहते त्या भागात ऑर्थोडॉक्स चर्च जुनं आहे, आणि इथली नावं ग्रीकमधून रशियनमार्गे करेलियन बोलीत आली. ओउती हे नाव बघा. फिनिश येणारा माणूस त्याला 'ओउतो', म्हणजे विचित्र, या शब्दाशी जोडतो. प्रत्यक्षात ते एव्दोकिया या संत स्त्रीच्या नावाचं करेलियन रूप आहे. ग्रीकमध्ये त्याचा आशय चांगलं नाव असलेली, सद्भावाची, असा. केवढं अंतर पडलं बघा! शब्दकोश या वाटेवर फसवतो, इथे ऑर्थोडॉक्स संतांची दिनदर्शिका हवी.

आणखी दुर्मीळ नाव पारास्के. ग्रीक 'पारास्केवी' म्हणजे तयारी, शब्बाथच्या, म्हणजे शनिवारच्या विश्रांतीच्या पवित्र दिवसाच्या, आदल्या दिवसाची, म्हणून शुक्रवार. हे नाव फिनिश लोकांना माहीत आहे ते लारिन पारास्केमुळे. इंग्रिया भागात 1833 साली जन्मलेली ही गरीब शेतकरी बाई. अक्षर येत नव्हतं, पण गीतं तोंडपाठ. आदोल्फ नेओव्हिउस या पाद्र्याने तिच्याकडून 32,000 हून जास्त ओळी उतरवून घेतल्या. आल्बर्ट एडेलफेल्टने 1893 मध्ये तिचं चित्र काढलं. 1904 मध्ये ती गेली, गरिबीतच. पारास्के म्हणजे 'शुक्रवार' एवढंच सांगून मोकळं होणं मला तरी जमत नाही.

दुसऱ्या महायुद्धात करेलियाचा मोठा भाग सोव्हिएत संघाकडे गेला आणि 4 लाखांहून जास्त माणसं उठून फिनलंडभर विखुरली. त्यामुळे करेलियन नाव पश्चिमेच्या एखाद्या गावातही सापडतं. नाव जिथे सापडलं तिथलं ते असेलच असं धरू नका, आजी कुठून आली ते विचारा.

उरलेल्या वाटा थोडक्यात. उत्तरेकडे सामी या मूळनिवासी लोकांची नावं असतात. बिरेत आणि रिस्तेन ही पुन्हा बिर्गित्ता आणि क्रिस्तीनाच. किनारपट्टीवर स्वीडिशभाषक फिनिश घरं आहेत, त्यांची नावं स्वीडिश साधनांत बघावीत. नव्याने घडवलेल्या नावाचं मूळ फक्त आईवडील सांगू शकतात.

नामदिन आणि शेवटची विचारपूस

फिनलंडमध्ये जवळजवळ प्रत्येक तारखेला काही नावांचा दिवस असतो. ही यादी हेलसिंकी विद्यापीठाचं पंचांग कार्यालय ठरवतं आणि ठरावीक वर्षांनी सुधारतं. फिनिश, स्वीडिश, सामी याद्या वेगळ्या, ऑर्थोडॉक्स वेगळी. तुमचं नाव कुठल्या यादीत आहे यावरूनच वाट कळते. शेजारी कुठली नावं आहेत तेही बघा. 10 मेला आइनोबरोबर आइनी, आइना, आइनिक्की एका ओळीत असतात. जवळची रूपं एका दिवशी बसवलेली असतात, त्यामुळे अनोळखी नावाचं कूळ तिथे सापडून जातं. नाव कुठल्याच यादीत नसेल तर ते खरंच दुर्मीळ. अशा घरात जवळच्या नावाच्या दिवशी केक करतात.

माणसांना विचारताना 'नावाचा अर्थ काय' असं विचारू नका. बहुतेक फिनिश माणसं खांदे उडवतील. 'तुझं नाव कुणावरून ठेवलं?' असं विचारा. मग आत्या, पणजी, दाईचं काम करणारी शेजारीण, लढाईत गेलेल्या काकाची वाग्दत्त वधू, सगळे बाहेर येतात. एवढं कुठल्याही पुस्तकात नसतं.

मुलीला असं नाव ठेवणार असाल तर कायद्याचं थोडं. सध्याचा नावांचा कायदा 1 जानेवारी 2019 पासून लागू आहे. जास्तीत जास्त चार नावं देता येतात, आणि जन्मानंतर 3 महिन्यांच्या आत कळवावं लागतं. नावाचं रूप आणि लेखन इथल्या नामपद्धतीला धरून हवं, आणि मुलीचं म्हणून रूढ असावं. परदेशाशी नातं असेल तर त्या देशाच्या पद्धतीचं नावही मान्य होऊ शकतं, त्यामुळे वेल्लामोच्या शेजारी आजीचं मराठी नाव बसवायला हरकत नाही. मी तर तसंच सुचवते, पण दोन्ही नावं एका दमात मोठ्याने म्हणून बघा. फिनिश उच्चारात जोर नेहमी पहिल्या अक्षरावर असतो. डॉक्टरकडे नर्स ज्या सुरात हाक मारील त्या सुरात ते मराठी नाव कसं वाजतं, हे अर्ज भरण्याआधी कुणा फिनिश शेजारणीकडून म्हणवून घ्या.